परवाना एक्साइजचा, हिशोब दिवाणी कोर्टाचा

परमिट रूमच्या भागीदारांचं बिनसलं की पहिला अर्ज हमखास एक्साइजच्या ऑफिसात पडतो. राज्य उत्पादन शुल्क विभाग हे त्याचं पाटीवरचं नाव. मराठवाड्यातली जुनी माणसं अजून अबकारीच म्हणतात. अर्जातला मजकूरही ठरलेला. भागीदार हिशोब देत नाही, गल्ल्यावर बसू देत नाही, सबब परवाना रद्द करावा, नाहीतर माझ्या एकट्याच्या नावे करावा. अधीक्षक दोघांना बोलावतात, म्हणणं घेतात, पुढची तारीख देतात. प्रकरण जिल्हाधिकाऱ्यांकडे जातं, तिथून मुंबईला आयुक्तांकडे, मग मंत्र्यांकडे. यात वर्षं निघून जातात आणि शेवटी औरंगाबाद खंडपीठात कुणीतरी विचारतं की हे भांडण निकाली काढायचा अधिकार या साखळीतल्या कुणाला होता का?

भांडण नफ्याचं, हिश्शाचं किंवा मालकीचं असेल तर नव्हता. हे आधीच कळलं असतं तर दोघांचा पैसा वाचला असता. म्हणून परवाना देणाऱ्या खात्याची हद्द कुठवर आहे ते नीट पाहू.

महाराष्ट्रात दारूचा सगळा कारभार 1949च्या दारूबंदी अधिनियमावर चालतो. कायदा झाला तेव्हा मराठवाडा हैदराबाद राज्यात होता आणि इथे निजामाच्या काळातला, फसली 1316चा (फसली म्हणजे तिथली महसुली कालगणना) अबकारी कायदा चालू होता. 1956 साली आपण मुंबई राज्यात आलो, त्यानंतर हा कायदा इकडे आला. नाव दारूबंदीचं आणि काम परवाने वाटायचं, याचं अनेकांना हसू येतं. पण त्याची रचनाच तशी आहे. आधी सगळ्यावर बंदी घालायची आणि मग परवाना असेल त्याला, परवान्यात लिहिलं असेल तेवढंच करू द्यायचं. परमिट रूमला एफएल-3, वाइन शॉपला एफएल-2, देशीच्या दुकानाला सीएल-3, बिअर शॉपीला एफएल-बीआर-2. प्रत्येकाच्या अटी वेगळ्या, फी वेगळी, आणि मुदत 31 मार्चपर्यंतच.

किराणा दुकान टाकायचा आपल्याला हक्क आहे, दारूचं टाकायचा नाही. सर्वोच्च न्यायालयाने खोडे डिस्टिलरीजच्या 1994च्या निकालात हे स्पष्टच सांगितलं आहे: दारूचा धंदा हा मूलभूत हक्क नव्हे, सरकारने दिलेली सवलत आहे. इथूनच लोकांचा गैरसमज सुरू होतो. सवलत सरकारची, ती कधीही काढून घेता येते, म्हणजे सरकार या धंद्यातलं काहीही ठरवू शकतं, असा सरळ हिशोब मांडला जातो. पण सरकारची सत्ता दारूवर आहे. दोन भागीदारांनी आपसात कुणाला किती द्यायचं, हे दारूबंदी कायद्यात कुठेच नाही. आणि कायद्याने न दिलेली सत्ता कलेक्टरला वापरता येत नाही, मग खुर्ची केवढीही मोठी असो.

दिलेली सत्ता मात्र कमी नाही. कलम 54 खाली परवाना निलंबित किंवा रद्द करता येतो: फी किंवा शुल्क थकवलं, परवानाधारकाने किंवा त्याच्या नोकराने अट मोडली, काही गुन्ह्यांत शिक्षा झाली, किंवा खोटी माहिती देऊन, फसवून परवाना मिळवला. कलम 56 खाली इतर कारणांनीही रद्द करता येतो. कलम 142 खाली शांततेच्या कारणासाठी दुकान बंद ठेवायला लावता येतं. गावातल्या बायांनी मतदान करून बाटली आडवी केली तर दुकान जातं, तो मार्ग आणखी वेगळा. या सगळ्यात एक धागा समान आहे. प्रत्येक ठिकाणी एका बाजूला सरकार किंवा समाज आहे आणि दुसऱ्या बाजूला परवानाधारक. 'भागीदार विरुद्ध भागीदार' असं एकही कलम नाही.

ज्यांनी शेतीचे वाद पाहिलेत त्यांना हे सातबाऱ्यावरून चटकन कळेल. तलाठ्याने फेरफार घेतला म्हणून जमीन कुणाची होत नाही. जमीन महसूल संहितेप्रमाणे ती नोंद उलट सिद्ध होईपर्यंत खरी धरतात, पण मालकी ठरवायची तर दिवाणी कोर्टच लागतं. परवान्यावरच्या नावांचं बरंचसं असंच आहे. तिथे नाव लागलं म्हणजे खात्याच्या दृष्टीने जबाबदार कोण ते कळलं. नफ्यात त्याचा चार आणे हिस्सा की आठ आणे, हे त्यावरून ठरत नाही.

मग लोक एक्साइजकडेच का धावतात? एक तर तिथे कोर्ट फी नाही, साधा अर्ज चालतो. दुसरं म्हणजे धाक. दावा लावल्याचं ऐकून न हलणारा भागीदार, दुकानाला सील लागेल म्हटलं की त्याच संध्याकाळी फोन करतो. पण खरं कारण बाजारात आहे. वाइन शॉपचे नवे परवाने महाराष्ट्रात 1970च्या दशकापासून जवळजवळ बंदच आहेत. जुना परवाना म्हणजे सोन्याचा तुकडा. तो सरळ विकता येत नाही, कारण परवाना म्हणजे सातबारा नव्हे की खरेदीखत केलं आणि झालं. त्यावर धंद्याने वाट काढली. खात्याची परवानगी घेऊन, फी भरून नवा भागीदार आत घ्यायचा आणि काही काळाने जुन्याने निवृत्त व्हायचं. कागदावर भागीदारीत फेरबदल, व्यवहारात विक्री. या वाटेवर दोन सह्या फार मोलाच्या असतात, आत येतानाची आणि बाहेर पडतानाची. भांडणं बहुतेक याच दोन सह्यांभोवती फिरतात, आणि दोन्ही सह्या एक्साइजच्या फायलीत असतात. म्हणून पाय तिकडेच वळतात.

दाजी आणि मेव्हणा

धरून चला की जालना रोडला एक परमिट रूम आहे. परवाना दाजींच्या नावावर, कित्येक वर्षांपासून. मेव्हण्याने शेत गहाण टाकून पैसा आणला, रीतसर अर्ज केला, फी भरली, परवान्यावर दुसरं नाव लागलं. भागीदारी पत्रात हिस्सा निम्मा-निम्मा. पहिली दोन वर्षं बरी गेली. पुढे मेव्हणा विचारायला लागला, "दाजी, पाडव्यापासूनचा हिशोब एकदा दाखवा ना." दाजी म्हणायचे, "हिशोब काय पळून चालला का रे? बस, चहा घे." सोयरिकीत झालेल्या भागीदारीत हा चहा फार महागात पडतो.

शेवटी मेव्हण्याने अर्ज दिला. त्यात तीन गोष्टी होत्या: दाजींनी हिशोब द्यावा, परवाना माझ्या नावे करावा, आणि दुकानात रजिस्टरला न चढवलेला माल आहे व काउंटरवरच्या पोराचा नोकरनामा, म्हणजे विक्रीला बसायची खात्याची मंजुरी, नाही. पहिल्या दोन मागण्यांवर खातं काही करू शकत नाही. हिशोब मागायचा हक्क मेव्हण्याला जरूर आहे, पण तो 1932च्या भागीदारी अधिनियमाने दिलाय. कलम 9 प्रमाणे भागीदारांनी एकमेकांना खरा हिशोब द्यायचा असतो, कलम 12 प्रमाणे प्रत्येकाला वह्या पाहता येतात, नकला घेता येतात, धंद्यात भाग घेता येतो. हे हक्क बजावून देणारा अधिकारी एक्साइजमध्ये बसत नाही.

तिसरी गोष्ट मात्र खात्याची स्वतःची. परवान्यावर विक्रीला बसणाऱ्या नोकराचा मंजूर नोकरनामा लागतो, बाटली न् बाटली रजिस्टरशी जुळावी लागते. निरीक्षक येणार, मोजणार, फरक निघाला तर विसंगतीचं प्रकरण करणार. आणि इथे मेव्हण्याला धक्का बसतो. प्रकरण होतं ते परवान्यावर, आणि परवान्यावर त्याचंही नाव आहे. दंड फर्मवर, दुकान बंद राहिलं तर तोटा निम्मा त्याचा. परवानाच रद्द झाला तर ज्या वस्तूत निम्मा हिस्सा मागायचा तीच गेली. भागीदाराला अद्दल घडवायला केलेल्या तक्रारीने दोघं उघड्यावर आल्याच्या गोष्टी या धंद्यात कुणालाही विचारा, ऐकायला मिळतील.

आता गोष्ट थोडी बिघडवू. दाजींनी एक निवृत्ती पत्र हजर केलं. त्यात लिहिलंय की मेव्हण्याने आपला हिस्सा घेऊन भागीदारी सोडली. खाली सही. त्यावरून खात्याने त्याचं नाव कमी केलं. मेव्हणा म्हणतो, सही माझी नाहीच.

हा खरा अवघड टापू, आणि वकीलही इथेच भांडतात. एका बाजूने पाहिलं तर ही फसवणूक खात्याचीही आहे. खोट्या कागदावर नोंद करून घेतली असेल तर खात्याला हात बांधून बसता येणार नाही, कलम 54 मध्ये फसवणुकीचा उल्लेखच आहे. नोंद करण्यापूर्वी मेव्हण्याला नोटीस दिली होती का, तो समक्ष हजर होता का, हे खातं नक्की तपासू शकतं. नोटीसच दिली नसेल तर स्वतःची नोंद मागे घेऊन आधीची स्थिती आणणं हेही त्याच्या हद्दीतलं. नैसर्गिक न्याय म्हणतात तो इतकाच, ज्याचं नाव कापायचं त्याला आधी विचारायचं. पण याच्या पुढे जाऊन सही खरी की खोटी, पैसे खरंच मिळाले का, पत्र दबावाखाली लिहिलं का, यावर निवाडा द्यायचा म्हणजे साक्षीपुरावा आला, उलटतपासणी आली, हस्ताक्षर तज्ज्ञ आला. अधीक्षकांच्या कॅबिनमध्ये होणारं ते काम नव्हे. बनावट दस्ताची तक्रार पोलिसात, आणि पत्र रद्द ठरवण्याचा दावा दिवाणी न्यायालयात. माझ्या मते खात्याने अशा वेळी एवढंच करावं: वाद न्यायालयात आहे अशी नोंद घ्यावी, निकालाच्या अधीन राहून परवाना चालू ठेवावा, आणि कुणाच्याही बाजूने नवा फेरबदल करू नये. बरेच अधिकारी तसंच करतात. काही मात्र एका बाजूचं ऐकून पूर्ण निकालपत्र लिहून मोकळे होतात, आणि तेच पुढे खंडपीठात टिकत नाही.

खात्याच्या हुकमावर दारूबंदी कायद्याच्या कलम 137 खाली अपील आहे, 138 खाली सरकारकडे पुनरीक्षण आहे. मंत्र्यांकडून स्टे आणला, असं आपल्याकडे मोठ्या तोऱ्यात सांगतात. आणा जरूर. पण खालच्या अधिकाऱ्याला जी सत्ता नव्हती ती अपिलात वर गेल्याने तयार होत नाही. मंत्र्यांचा स्टे नोंदीवर असतो. त्या स्टेने कुणाच्या खात्यात रुपया येत नाही. या सगळ्याविरुद्ध राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली खंडपीठात रिट करता येते, पण तिथेही न्यायमूर्ती अधिकाऱ्याने हद्द ओलांडली का ते बघतात, तुमचा नफा मोजत बसत नाहीत.

नूतनीकरणाचा एक वेगळा डाव असतो. मार्च उजाडला की एक भागीदार सही अडवून बसतो. आधी माझे एवढे टाक, मग सही. मुदत सरली तर दुकान बंद, आणि बंद पडलेला परवाना पुन्हा उभा करणं सोपं काम नाही. ज्याला धंदा टिकवायचाय त्याने इथे एक्साइजला शिव्या देत बसण्यापेक्षा फी वेळेत भरावी, अर्ज वेळेत द्यावा, त्यात वाद असल्याचं लपवू नये, आणि सही अडवणाऱ्याविरुद्ध दिवाणी न्यायालयातून तातडीचा आदेश मागावा.

बाँडवरचा भागीदार

आतापर्यंतची गोष्ट परवान्यावर नाव असलेल्यांची होती. ज्याचं नावच नाही त्याचं काय? मराठवाड्यात असा माणूस सर्रास सापडतो. पैसा त्याचा, परवाना दुसऱ्याचा, आणि मध्ये शंभराच्या बाँडवर लिहिलेला करारनामा. (2024च्या ऑक्टोबरपासून तो बाँड पाचशेचा झाला, कराराची ताकद मात्र तेवढीच राहिली.) दुसरा प्रकार 'चालवायला घेतली' हा. परवानाधारक गावी बसतो, दरमहा ठरलेली रक्कम घेतो, आणि परमिट रूम भलताच माणूस चालवतो.

परवान्याच्या अटींप्रमाणे विक्रीचा हक्क परवानगीशिवाय दुसऱ्याला देता येत नाही, पोटभाड्याने तर नाहीच. अशी अट मोडून केलेला करार 1872च्या करार अधिनियमाच्या कलम 23 खाली बेकायदा ठरतो. बिहारीलाल जयस्वाल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयापुढे मध्य प्रदेशातला दारूचा परवाना होता, प्रश्न आयकराचा होता, पण तत्त्व हेच निघालं: परवान्याने मना केलेली भागीदारी कायद्याच्या नजरेत भागीदारीच नाही. म्हणजे बाँडवरचा भागीदार एक्साइजकडे गेला तर अट मोडल्याची कबुली स्वतःच देतो, आणि दिवाणी कोर्टात गेला तर समोरचा म्हणतो की करारच बेकायदा, ऐकूच नका. दोन्ही दारं अर्धी बंद. दिलेला पैसा हातउसना म्हणून, बँकेतल्या नोंदी दाखवून परत मागायचा प्रयत्न करता येतो. पण तीही झुंजच आहे. पैसा लावायचाच असेल तर आधी खात्याची परवानगी आणि परवान्यावर नाव, नंतर पैसा. हा क्रम उलटा करणाऱ्याला कुणी वाचवू शकत नाही.

मग जायचं कुठे

आधी भागीदारी पत्र काढून वाचा. त्यात लवादाचं कलम असेल तर वाद लवादापुढे जाईल, आणि लवाद नेमला जाईपर्यंत 1996च्या लवाद कायद्याच्या कलम 9 खाली न्यायालयाकडून तात्पुरता आदेश मिळू शकतो: बँक खातं गोठवा, हिस्सा दुसऱ्याला देऊ नका, वह्या हजर करा. लवादाचं कलम नसेल तर दावा. वादाची किंमत 3 लाख किंवा त्याहून जास्त असली की भागीदारी पत्रावरचा वाद 2015च्या कायद्याप्रमाणे व्यापारी न्यायालयाकडे जातो, आणि तातडीचा आदेश नको असेल तर दाव्याआधी मध्यस्थीची पायरी सक्तीची आहे. ही पायरी लोक उगाच नाकं मुरडून घेतात. सोयऱ्या-धायऱ्यांच्या भागीदारीत बहुधा तिथेच मिटण्यासारखं असतं.

फर्म नोंदणीकृत नसेल तर? भागीदारी अधिनियमाच्या कलम 69 प्रमाणे चालू फर्ममधला भागीदार हक्कासाठी दावा लावू शकत नाही, पण फर्म विसर्जित करा आणि हिशोब द्या असा दावा लावू शकतो. महाराष्ट्राने 1984च्या दुरुस्तीने हेही दार बऱ्यापैकी बंद केलं होतं. 2009 साली सर्वोच्च न्यायालयाने ती दुरुस्ती घटनाबाह्य ठरवली. तरी आजही काही जण 'नोंदणी नाही, काही होत नाही' म्हणून अशिलाला परत पाठवतात. तसं नाही.

दिवाणी न्यायालयही सर्वशक्तिमान नाही, हेही सांगायला हवं. ते हिस्सा ठरवेल, हिशोब काढायला लावेल, गरज पडली तर रिसीव्हर, म्हणजे वाद मिटेपर्यंत धंदा सांभाळणारा माणूस, नेमेल. पण परवाना द्यायचा की नाही हे खात्याचंच. नव्या नावाची पात्रता खातं तपासणार, फी खातं घेणार. रिसीव्हर नेमला तरी दारू विकायला त्यालाही खात्याची मान्यता लागणार. न्यायालय दाजींना अर्जावर सही करायला लावू शकतं, कलेक्टरच्या जागी बसून परवाना लिहून देऊ शकत नाही. आणि हिशोब करताना परवान्याची किंमत धरायची का, हा वाद तर हमखास निघतो. सरकारपुढे तो सवलत आहे, पण भागीदारांमध्ये त्याच्या जोरावर उभा राहिलेला धंदा आणि त्याचं नाव, ज्याला गुडविल म्हणतात, ते फर्मची मालमत्ता असतं. बाहेर पडणाऱ्याला फक्त फ्रीज आणि खुर्च्यांचे पैसे देऊन वाटेला लावलं असेल तर त्याने हा मुद्दा सोडू नये.

भागीदार वारला तर गोंधळ वाढतो. दोघांचीच फर्म असेल तर एकाच्या मृत्यूने ती संपते, कारण एकट्याची भागीदारी होत नाही. वारस आपोआप भागीदार होत नाहीत. त्यांना मयताच्या हिश्शाचा पैसा मिळतो. उरलेल्या भागीदाराने हिशोब न करता धंदा तसाच चालवला, तर कलम 37 प्रमाणे वारसांना त्या काळातल्या नफ्याचा वाटा किंवा रकमेवर सालाना 6 टक्के व्याज, यातलं एक निवडता येतं. विधवा वहिनीला 'परवान्यावर तुमचं नाव नाही' म्हणून हुसकावणाऱ्या दिरांनी हे कलम वाचलेलं नसतं, वहिनीनेही नसतं.

आणखी एक गोष्ट घाईत निसटते. मुदत नसलेली भागीदारी कलम 43 प्रमाणे नुसत्या लेखी नोटिशीने मोडते. रागाच्या भरात 'आजपासून आपली भागीदारी संपली' असं रजिस्टर पोस्टाने पाठवलं की फर्म विसर्जित झाली, आणि परवाना फर्मच्या नावे असेल तर खातं विचारणार, धारक कोण? नोटीस पाठवण्याआधी परवान्याची सोय लावा. आणि विसर्जनाच्या तारखेपासून हिशोबाचा दावा लावायला मुदत कायद्याने 3 वर्षं मिळतात. एक्साइजमधल्या तारखा, मंत्र्यांकडचा स्टे, पुन्हा कलेक्टरकडे फेरचौकशी, यात ती 3 वर्षं थांबतील असं आपोआप धरून चालू नये. दिवाणी दावा त्या प्रकरणांबरोबरच लावून ठेवता येतो.